गर्दी, दाटी आणि माणूस : मुंबईविषयक मराठी साहित्यातील वर्तनचित्रणाचा पुनर्विचार

प्रस्तावना

पदवी आणि पदव्युत्तर अभ्यासक्रमांत ‘महानगरीय साहित्य’ हा घटक आता चांगलाच रुळला आहे. या घटकावरील टिपणे, मार्गदर्शिका आणि चर्चासत्रांतील निबंध वाचताना एक सूत्र वारंवार भेटते. औद्योगिकीकरणामुळे शहरे वाढली, शहरे वाढल्यामुळे गर्दी झाली, गर्दीमुळे माणूस एकाकी, कोरडा, हिंसक आणि विकृत झाला. या अधःपतनाचे चित्रण म्हणजे महानगरीय साहित्य, असे ते सूत्र होय. ते इतके सोपे आणि इतके सवयीचे झाले आहे की त्याची तपासणी करण्याची गरज सहसा कोणाला वाटत नाही.

प्रस्तुत लेखकालाही ती वाटली नव्हती. काही वर्षांपूर्वी एका चाचणी परीक्षेत एका विद्यार्थिनीने ‘झोपडपट्टीतील गर्दीमुळे माणसांची नीतिमत्ता नष्ट होते’ असे वाक्य लिहिले. वर्गात सांगितलेलेच ते वाक्य होते. त्यामुळे उत्तराला पूर्ण गुण मिळाले. पुढे एका अर्जावर सही घेण्यासाठी ती आली, तेव्हा सहज बोलण्यातून कळले की ती सात माणसांसह एका खोलीत राहते आणि पहाटे चारला उठून, घर जागे होण्याआधी, अभ्यास करते. आपण शिकवलेल्या वाक्यात ती स्वतः, तिचे आईवडील आणि भावंडे कोठे बसतात, हा प्रश्न त्या दिवसापासून मनातून गेला नाही. प्रस्तुत निबंधाचे प्रयोजन या प्रश्नात आहे.

गर्दीचा मानवी वर्तनावर परिणाम होतो, हे नाकारण्याचा येथे हेतू नाही. तो परिणाम कशामुळे आणि कोणत्या मार्गाने होतो, याविषयी आपली समीक्षा जे गृहीत धरते ते साहित्यकृतींत खरोखर आढळते काय, एवढेच येथे पाहावयाचे आहे. त्यासाठी पु. ल. देशपांडे यांचे ‘बटाट्याची चाळ’ (१९५८), जयवंत दळवी यांची ‘चक्र’ (१९६३), भाऊ पाध्ये यांचे ‘वासूनाका’ (१९६५) आणि जयंत पवार यांचे ‘अधांतर’ (१९९७) या चार कृती निवडल्या आहेत. चाळ, झोपडपट्टी, नाका आणि संपानंतरचे गिरणगाव अशा चार ठिकाणची दाट वस्ती त्यांतून दिसते.

दोन उंदीर

मराठी कवितेतील महानगरीय जाणिवेची चर्चा बहुधा बा. सी. मर्ढेकरांच्या १९४० च्या दशकातील कवितेपासून, विशेषतः पिंपात मरून पडलेल्या उंदरांच्या प्रतिमेपासून सुरू होते. यंत्रयुगाने आणि महायुद्धाने हादरलेल्या काळात माणसाच्या जगण्याचे आणि मरण्याचे मोल किती उतरले, हे त्या प्रतिमेतून जाणवते. मराठी वाचकांना ती प्रथम किळसवाणी वाटली. पुढे ती युगाची प्रतिमा ठरली.

दुसरा उंदीर प्रयोगशाळेतला आहे. अमेरिकन शास्त्रज्ञ जॉन काल्हून यांनी १९६२ साली ‘सायंटिफिक अमेरिकन’ या नियतकालिकात लोकसंख्येची घनता आणि सामाजिक विकृती यांच्या संबंधावर लेख प्रसिद्ध केला. चार कप्प्यांच्या खोलीत अठ्ठेचाळीस उंदीर सुखाने राहू शकतील अशी सोय होती. काल्हून यांनी ती संख्या ऐंशीपर्यंत वाढू दिली. अन्नपाण्याची ददात नसतानाही माद्या पिल्लांची आबाळ करू लागल्या, काही नर आक्रमक तर काही पूर्ण निष्क्रिय झाले आणि पिल्लांचे मृत्यू प्रचंड प्रमाणात झाले. हा निष्कर्ष पुढे वृत्तपत्रांतून, नगररचनेच्या चर्चांतून आणि समाजशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांतून जगभर पसरला. गर्दी म्हणजे विकृती, या समीकरणाला शास्त्राचा शिक्का मिळाला.

परंतु या प्रयोगातील एक तपशील पुढे फारसा सांगितला जात नाही. चारही कप्प्यांत सारखी दाटी झाली नव्हती. टोकाच्या दोन कप्प्यांना येण्याजाण्यासाठी एकेकच वाट होती. त्या वाटेवर एखादा बलवान नर ठाण मांडून बसे आणि इतरांना आत येऊ देत नसे. तेथील माद्यांची पिल्ले बऱ्यापैकी जगत. विकृतीचा कहर झाला तो मधल्या कप्प्यांत, जेथे उरलेले सारे उंदीर ढकलले गेले होते. म्हणजे प्रयोग गर्दीचा होता तसाच तो जागेच्या विषम वाटणीचाही होता. दार कोणाच्या ताब्यात आहे, यावर आतल्यांचे वर्तन ठरत होते.

मर्ढेकरांचा उंदीर ही कवीची प्रतिमा आहे. काल्हून यांचा उंदीर हा एका मर्यादित परिस्थितीतील पुरावा आहे. आपल्या समीक्षेने प्रतिमा पुराव्यासारखी वापरली, तर लोकप्रिय समाजशास्त्राने पुरावा प्रतिमेसारखा वापरला. त्यामुळे दोन्हीकडे एकच गोष्ट झाली : माणूस आणि त्याची खोली यांच्यामधील भाडे, नोकरी, नातेगोते, जात, पाणी, संडास, कायदा हे सारे गळून पडले.

घनता आणि दाटी

मानसशास्त्रातील नंतरच्या विचाराने ही उणीव ओळखली. डॅनियल स्टोकॉल्स यांनी १९७२ साली घनता आणि दाटीची जाणीव यांत भेद केला. घनता मोजता येते. दर माणशी किती चौरस फूट, हे ती सांगते. दाटी हा अनुभव आहे. आपल्याला हवी तेवढी जागा आपल्या हातात नाही, असे वाटू लागले की दाटी होते. जत्रेत, वारीत किंवा गणपतीच्या मिरवणुकीत घनता कमालीची असते. तरी तेथे माणूस आपणहून जातो आणि हवे तेव्हा बाहेर पडतो. तीच घनता सकाळच्या लोकलमध्ये जीव नकोसा करते. जोनाथन फ्रीडमन यांनी १९७५ च्या आपल्या ग्रंथात मांडलेला विचारही येथे उपयुक्त आहे. त्यांच्या मते घनता स्वतःहून चांगले किंवा वाईट वर्तन निर्माण करीत नाही. प्रसंगात आधीच जे असते ते ती तीव्र करते. १९७१ साली रॉबर्ट मिचेल यांनी हाँगकाँगमधील दाट घरांविषयी जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यातही खोलवरच्या मानसिक ताणाचा केवळ घनतेशी सरळ संबंध आढळला नाही. नाते नसलेल्या कुटुंबाबरोबर एकाच घरात, त्यातही वरच्या मजल्यावर राहावे लागले, म्हणजे निसटायला जागा उरली नाही, की ताण वाढत होता.

शहरी माणसाच्या कोरडेपणाबद्दलही असाच विवेक करावा लागतो. गेओर्ग झिमेल यांनी १९०३ मध्ये आणि स्टॅन्ली मिलग्रॅम यांनी १९७० मध्ये दाखवून दिले, की शहरातील असंख्य संवेदनांच्या माऱ्यापुढे माणूस आपले लक्ष राखून ठेवतो. अनोळखी माणसाकडे न पाहणे ही तेथे आत्मरक्षणाची रीत असते. तिला हृदयशून्यता म्हणणे म्हणजे गावच्या मापाने शहर मोजणे होय.

या भेदाच्या उजेडात चारही कृती पुन्हा वाचता येतात.

चाळ : सामायिक जागेचा हक्क

‘बटाट्याची चाळ’ हे विनोदी पुस्तक म्हणून वाचले जाते आणि ते तसे आहेच. तथापि दाट वस्तीतील वर्तनाचा दस्तऐवज म्हणूनही त्याचे मोल मोठे आहे. या चाळीत माणसे एकमेकांच्या अंगावर राहतात. एकाचा उपास, एकाचे गाणे, एकाचा प्रवासाचा बेत ही सगळ्यांची बाब होते. गर्दीने माणूस एकाकी होतो, हे सूत्र येथे पहिल्या पानापासूनच लंगडे पडते. येथे अडचण झालीच तर एकांत न मिळण्याची आहे.

‘गच्चीसह झालीच पाहिजे’ या प्रकरणाकडे या दृष्टीने पाहावे. संयुक्त महाराष्ट्राच्या घोषणेचे विडंबन म्हणून ते आपण वाचतो आणि हसतो. पण चाळकरी मागतात काय? मोठ्या खोल्यांऐवजी ते गच्ची मागतात. सर्वांची मिळून असलेली, श्वास घेण्यापुरती, आपल्या हक्काची जागा. घनता तीच राहिली तरी दाटीची जाणीव कमी करणारी ही मागणी आहे. जे मानसशास्त्राने १९७० च्या दशकात परिभाषेत मांडले, ते पुलंच्या चाळकऱ्यांनी १९५८ सालीच मोर्चाच्या भाषेत मांडले होते. पुस्तकाच्या अखेरच्या चिंतनात चाळीच्या अस्ताची जी हुरहुर आहे तीही गर्दीची नाही. गॅलरी, जिना आणि सामायिक भिंत यांनी घडवलेल्या संबंधांची ती हुरहुर आहे.

नाका : कोणाची बाहेरची खोली?

‘वासूनाका’ प्रसिद्ध झाले तेव्हा त्यावर अश्लीलतेचा गदारोळ उठला. आचार्य अत्रे यांच्यासारख्या लेखकानेही त्यावर कठोर टीका केली. पुढच्या समीक्षेने पाध्ये यांची बाजू घेतली. मात्र घेतली ती पुन्हा त्याच सूत्राच्या आधाराने. शहराने नासवलेल्या तरुणाईचे धीट चित्रण, असा तिचा सूर राहिला.

पोक्या आणि त्याचे सोबती नाक्यावर का उभे असतात, हा साधा प्रश्न मात्र मागे राहिला. घरात बसायला जागा नाही, हातात काम नाही, म्हणून नाका ही त्यांची बाहेरची खोली होते. तेथील शिवराळ भाषा, बढाया, पोरींवरची शेरेबाजी हे त्या खोलीचे शिष्टाचार होत. पाध्ये त्यांचा निवाडा करीत नाहीत. ते भाषेचा कान ठेवून नुसते ऐकतात. ही त्यांची थोरवी आहे.

परंतु येथे पाध्ये यांच्या कृतीची मर्यादाही नोंदवली पाहिजे. त्याच चाळीतील, तितक्याच लहान खोलीतील मुलगी कोठे जाते? तिला नाका नाही. गॅलरीत उभी राहिली तर ती दिसते, रस्त्यावर आली तर नाक्यावरून जाते. मुलाला घरातील दाटीतून सुटण्यासाठी जी जागा मिळते, तीच जागा मुलीची दाटी वाढवते. घनता दोघांना सारखी, दाटी मात्र वेगळी. हे सत्य ‘वासूनाका’मध्ये कडेकडेने दिसते; पण निवेदन पोक्याचे असल्यामुळे ते मुलीच्या बाजूने कधी बोलत नाही. पहाटे चारला उठणारी आमची विद्यार्थिनी दाटीवर वेळेने मात करते, कारण जागेने मात करण्याचा मार्ग तिला बंद असतो. शहरी वर्तनाच्या आपल्या चर्चेत हा अर्धा भाग जवळजवळ कोराच आहे.

झोपडपट्टी : उद्याचा भरवसा

‘चक्र’ ही कादंबरी गर्दी आणि अधःपतन यांच्या सूत्राला सर्वांत जवळची वाटते. अम्मा, तिचा मुलगा बेन्वा, लुका आणि त्यांच्या भोवतीची झोपडपट्टी यांच्या चित्रणात भूक, वासना आणि हिंसा यांचे फेर आहेत. कादंबरीच्या शीर्षकातच या फेऱ्यातून सुटका नसल्याची सूचना आहे. १९८१ साली रवींद्र धर्मराज यांनी तिच्यावर चित्रपट केला आणि स्मिता पाटील यांच्या अभिनयामुळे तो विशेष गाजला. त्यातून ही प्रतिमा अधिक दृढ झाली.

दळवी यांची सहानुभूती निःसंशय आहे. तरीही वस्तीचे वर्तन हे वस्तीच्या स्वभावासारखे भासावे, अशी कादंबरीची घडण आहे. त्या घडणीला वाचकाने थोडा अडथळा केला पाहिजे. १९६३ साली मुंबईतील झोपडीधारकाला कायद्याचे संरक्षण जवळजवळ नव्हते. महाराष्ट्र झोपडपट्टी अधिनियम आला १९७१ मध्ये. झोपड्यांची मोठी गणना होऊन ओळखपत्रे देण्यास सुरुवात झाली १९७६ मध्ये. त्यापूर्वी झोपडी केव्हाही पाडली जाई. ज्याला उद्याची खात्री नाही तो आजचा घास आजच खातो, आजचे सुख आजच भोगतो. या वर्तनाला नीतिभ्रष्टता म्हणण्यापेक्षा उद्याचा भरवसा नसलेल्या माणसाचा हिशेब म्हणणे अधिक योग्य ठरेल. ‘चक्र’मधील माणसे दाटीने वागतात त्याहून अधिक ती अस्थैर्याने वागतात.

गिरणगाव : खोली तीच, माणसे तीच

या संपूर्ण विवेचनातील सर्वांत निर्णायक साक्ष ‘अधांतर’ या नाटकाची आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईतील सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. त्यानंतरच्या वर्षांत गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. नाटकातील कुटुंब या काळात चाळीतील एका खोलीत राहते. एक मुलगा लेखक होऊ पाहतो, दुसरा क्रिकेटमध्ये स्वतःला हरवून बसतो, तिसरा गुंडटोळीच्या वाटेने जातो; मुलगी आहे आणि सगळ्यांना धरून ठेवणारी आई आहे. संवादांना धार आहे, कारण येथे कोणी कोणापासून दूर जाऊच शकत नाही.

आता या खोलीचा विचार करू. ती संपाआधीही तेवढीच होती. गिरणगावातील एकेका खोलीत तर पूर्वी याहून अधिक माणसे राहत. कोकणातून आणि घाटावरून आलेले गाववाले पाळीपाळीने झोपत, खाणावळीत जेवत आणि महिनाअखेर गावी मनिऑर्डर करीत. हे शक्य होते, कारण गिरणीच्या तीन पाळ्यांनी खोलीचेही तीन भाग केले होते. दिवसपाळीचा माणूस परते तेव्हा रातपाळीचा निघालेला असे. गिरणीचा भोंगा हे त्या खोलीचे अदृश्य दार होते. संपानंतर भोंगा थांबला आणि सगळी माणसे एकाच वेळी, दिवसभर, त्याच चौरस फुटांत येऊन पडली. घनतेचा आकडा बदलला नाही. दाटी मात्र असह्य झाली. नाटकातील चिडचिड, अपमान आणि हिंसा यांचे मूळ खोलीच्या मापात शोधून सापडत नाही. ते बंद गिरणीत सापडते. ‘अधांतर’ हे शीर्षकही गर्दीचे वर्णन करीत नाही. पायाखालची जमीन काढून घेतलेल्या माणसांचे ते वर्णन आहे.

दोन आक्षेप

या मांडणीवर पहिला आक्षेप असा घेतला जाईल, की ती चाळीचे उदात्तीकरण करते. तो टाळण्यासाठी बी.डी.डी. चाळींकडे पाहणे उचित होईल. १९२० च्या दशकात मुंबई विकास खात्याने वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथे मिळून २०७ इमारती बांधल्या. प्रत्येकीत ८० खोल्या, खोली सुमारे १६० चौरस फुटांची, संडास सामायिक. या चाळींनी शाहिरी, व्यायामशाळा, वाचनालये आणि चळवळी यांना आसरा दिला, हे खरे. पण १९७४ च्या जानेवारीत वरळीच्या याच चाळींत दलित पँथर आणि शिवसेना यांच्या संघर्षातून दंगलही पेटली. एकाच मापाच्या खोल्या, एकच घनता. तरी कोठे शेजारधर्म आणि कोठे दगडफेक. जातीची तेढ खोलीच्या दाराबाहेर राहत नाही. घनता प्रसंगातील आशय तीव्र करते, हा फ्रीडमन यांचा विचार येथे दोन्ही बाजूंनी खरा ठरतो. चाळ स्वभावतः मायाळू नसते आणि झोपडपट्टी स्वभावतः गुन्हेगार नसते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. गर्दीला दोष न देणे म्हणजे गरिबांच्या कोंडलेल्या घरांचे समर्थन करणे नव्हे काय? उत्तर नकारार्थी आहे. १६० चौरस फुटांत कुटुंबाने राहावे, ही स्थिती अन्यायाची आहे आणि ती बदललीच पाहिजे. २०२५ च्या ऑगस्टमध्ये वरळीच्या बी.डी.डी. चाळींतील पहिल्या काही कुटुंबांना ५०० चौरस फुटांच्या घरांच्या चाव्या मिळाल्या, ही आनंदाचीच गोष्ट आहे. विरोध आहे तो अन्यायाला रोग म्हणण्याला. अन्याय म्हटले की तो करणारा कोण, हे विचारावे लागते. रोग म्हटले की रोग्यालाच दूर ठेवावेसे वाटते. ‘गर्दीने माणसे बिघडतात’ हे वाक्य अजाणता दुसरे काम करते.

लोकसंख्येची आकडेवारीही सावधपणे वाचली पाहिजे. २०११ च्या जनगणनेत बृहन्मुंबईची लोकसंख्या १,२४,४२,३७३ भरली. तथापि २००१ ते २०११ या दशकात मुंबई शहर जिल्ह्याची लोकसंख्या ३३ लाखांवरून ३१ लाखांच्या खाली आली. गिरण्यांच्या जमिनींवर उंच मनोरे उभे राहत असताना शहराच्या मध्यभागातील माणसे कमी होत होती. नागरीकरण म्हणजे गर्दीत वाढ, हे समीकरणही असे सरसकट टिकत नाही.

निष्कर्ष

१. निवडलेल्या चारही कृतींत दाट वस्तीचा वर्तनावरील परिणाम दिसतो. परंतु तो घनतेतून सरळ उद्भवत नाही. सामायिक जागेवरील हक्क, निवाऱ्याची शाश्वती, रोजगार आणि बाहेर पडण्याची मुभा यांतून तो ठरतो.

२. ‘गर्दीमुळे अधःपतन’ हे समीक्षेतील सूत्र साहित्यकृतींनी दिलेल्या साक्षीपेक्षा उसन्या शास्त्रीय प्रतिमेवर अधिक उभे आहे. आणि मूळ प्रयोगातही जागेच्या विषम वाटणीचा भाग होताच.

३. स्त्रीच्या दृष्टीने दाटीचा अनुभव वेगळा आहे. ‘वासूनाका’सारख्या महत्त्वाच्या कृतीतही तो निवेदनाच्या कडेला राहतो. या अंगाने महानगरीय साहित्याचे स्वतंत्र वाचन होणे अगत्याचे आहे.

४. अध्यापनात ‘गर्दी’ हा एकच शब्द न वापरता घनता आणि दाटी असा भेद करावा. विद्यार्थ्याला कृतीतील खोली, दार, नळ, नाका आणि पाळी यांचा शोध घ्यावयास सांगितले, तर कृती अधिक उलगडेल.

शेवटचा मुद्दा केवळ अध्यापनपद्धतीचा नाही. आपल्या वर्गांतील कितीतरी मुले-मुली दाटीच्या घरांतून येतात. स्वतःच्या घराविषयीचे कठोर वाक्य पाठ करून ती उत्तरपत्रिकेत उतरवतात आणि आपण त्याला गुण देतो. त्या विद्यार्थिनीची उत्तरपत्रिका आज पुन्हा तपासावयाची असती, तर गुण कदाचित तेवढेच दिले असते. पण त्या वाक्याखाली रेघ ओढून समासात एक प्रश्न लिहिला असता : हे तुम्हाला कोठे दिसले?